आईचं घर, खाडीचा बांध आणि चाळीस दिवस

वाचकाचं पत्र, थोडक्यात: मुंबईत नोकरी करून निवृत्त झालेले एक वाचक लिहितात. कोकण किनाऱ्यावरच्या एका नगरपंचायतीच्या हद्दीत, खाडीकाठच्या वाडीत त्यांचं वडिलोपार्जित चिऱ्याचं कौलारू घर होतं. ३ जून २०२० च्या निसर्ग वादळात छप्पर उडालं, पुढच्या दोन पावसाळ्यांत भिंती बसल्या, आता नुसतं जोतं उरलंय. ८४ वर्षांची आई तेव्हापासून लेकीकडे राहते आणि रोज विचारते, “लेकीच्या सासरी किती दिवस काढू?” चार गुंठ्यांवर तळमजला अधिक एक असा १,९०० चौरस फुटांचा नकाशा करून त्यांनी फेब्रुवारीत बांधकाम परवानगी मागितली. मार्चमध्ये त्रुटीपत्र आलं, त्याला २० एप्रिलला उत्तर दिलं. ३ जूनच्या पत्राने परवानगी नाकारली गेली, ते पत्र ५ जूनला हाती पडलं. कारणं तीन: जागा खाडीपासून १०० मीटरच्या आत, ना-विकास क्षेत्रात आहे, किनारा क्षेत्र प्राधिकरणाचं ना-हरकत प्रमाणपत्र नाही, सातबारावरच्या चुलतभावाची संमती नाही. वाचकांचं म्हणणं असं की पाकीट दिलं नाही म्हणून अडवलंय, कारण पलीकडच्या होमस्टेला परवानगी मिळाली. इंजिनीयर म्हणतो बांधून टाका, मेहुणे म्हणतात आमदारांना भेटू, आणि त्यांना स्वतःला कोर्टात जावंसं वाटतंय. पत्र लिहिलंय २८ जूनला.

नमस्कार.

तुमचं पत्र वाचून आधी मी कॅलेंडर काढलं. परवानगी नाकारल्यावर अपील करायला कायदा ४० दिवस देतो, आदेश कळल्यापासून. तुम्ही लिहायला बसलात तेव्हा त्यातले २३ गेले होते. ५ जूनपासून मोजले तर १५ जुलैला मुदत संपते. मी ३ जूनपासूनच धरते, म्हणजे १३ जुलै. दोन दिवसांवरून वाद घालत बसायची वेळ कुणावर येऊ नये. हे सदर छापून येईपर्यंत आणखी दिवस जातील, म्हणून मुदतीचं तेवढं तुम्हाला आधीच कळवलं आहे. बाकीचं इथे सविस्तर लिहिते, कारण अशी पत्रं मला रेवदंड्यापासून वेंगुर्ल्यापर्यंत सगळीकडून येतात आणि बहुतेकांत मुदतीचा उल्लेखही नसतो.

मुदतीचं मला इतकं का लागतं ते सांगते. आमच्या घराचा प्रस्ताव नाकारला गेला तेव्हा बाबा दर मंगळवारी एसटीने तालुक्याला जायचे. फाईल दुधाच्या रिकाम्या पिशवीत गुंडाळलेली, वर रबर. साहेब कधी मीटिंगला, कधी रजेवर, कधी “पुढच्या आठवड्यात बघू.” बाबांना वाटायचं आपण नियमित जातोय, म्हणजे काम चालू आहे. आठ महिन्यांनी आम्ही वकिलांना कागद दाखवले तेव्हा त्यांनी पहिला प्रश्न विचारला, “अपील कधी केलंत?” केलंच नव्हतं. सगळं पहिल्यापासून करावं लागलं. घर झालं, पण बाबांना त्यात जेमतेम दीड वर्ष मिळालं. तेव्हा खेपा मारण्याला अर्ज समजू नका. ज्या कागदावर आवक क्रमांक आणि शिक्का नाही, तो कागद कार्यालयाच्या लेखी नसतो.

आता तुमच्या पत्राकडे येते. तुम्ही नकाराचं पत्र आणि नकाशा दोन्ही सोबत जोडलंत, हे फार चांगलं केलंत. नकार आला म्हणून लिहिणाऱ्या कित्येकांच्या हातात खरं म्हणजे नकार नसतोच. “प्रस्ताव परत करण्यात येत आहे” किंवा “त्रुटींची पूर्तता करावी” असं लिहिलेलं असतं, आणि माणूस खचून बसतो. त्याला अपील लागत नाही, पूर्तता लागते. तुमच्या पत्रात मात्र “परवानगी नाकारण्यात येत आहे” असं स्पष्ट वाक्य आहे, खाली मुख्याधिकाऱ्यांची सही आहे आणि कारणं आहेत. महाराष्ट्र प्रादेशिक नियोजन व नगररचना अधिनियम, १९६६ च्या कलम ४५ खालचा हा रीतसर नकार. त्यावर कलम ४७ खाली राज्य शासनाकडे, किंवा शासनाने त्यासाठी नेमलेल्या अधिकाऱ्याकडे, अपील करता येतं.

त्याच कलम ४५ मध्ये एक तरतूद आहे, तुमच्या इंजिनीयरने तिचा उल्लेख तुमच्याकडे केलेला दिसतो. अर्जावर किंवा त्रुटीच्या उत्तरावर ६० दिवसांत निर्णय कळवला नाही, तर परवानगी मिळाली असं मानलं जातं. ही तरतूद खरी आहे, पण तुमच्या कामाची नाही. दिवस मोजायचे ते अर्ज आणि त्रुटीचं उत्तर यांपैकी जे नंतरचं असेल तिथपासून. २० एप्रिल ते ३ जून, ४४ दिवस होतात. आणि ज्यांचे ६० दिवस खरोखर उलटलेत त्यांनीही लगेच पाया खणायला घेऊ नये. मानीव परवानगी मिळते ती नियमांत बसणाऱ्या बांधकामालाच. नियमाबाहेरचा मजला साठ दिवसांनी नियमात येत नाही.

पाकिटाबद्दल. तुम्ही लिहिता की थेट कुणी मागितलं नाही, एका एजंटने सुचवलं. तसं कुणी मागितलं तर लाचलुचपत प्रतिबंधक विभागाचा १०६४ हा क्रमांक आहे, तिथे तक्रार करा. ती वाट वेगळी आहे. अपिलात मात्र हा संशय एका ओळीनेही आणू नका. तुमच्या बोलण्यात तथ्य नसेल असं मी म्हणत नाही. पण अपील ऐकणाऱ्यासमोर तीन कारणं असतील आणि त्या तिन्हींवर तुमचं उत्तर काय हेच तो बघेल. किनाऱ्यावरच्या फायलीवर सही करताना मुख्याधिकारी घाबरतात, हेही मी जवळून पाहिलंय. दिलेल्या परवानगीची चौकशी लागते, नाकारलेल्या परवानगीची सहसा लागत नाही. त्यामुळे शंका आली की नकार, हा त्यांना सुरक्षित रस्ता वाटतो. तुमचं काम त्यांची शंका कागदाने मिटवायची.

पहिलं कारण सर्वांत मोठं आहे, म्हणून त्यावर जास्त लिहिते.

पत्रात १०० मीटर लिहिलंय. हा आकडा २०११ च्या किनारा नियमन क्षेत्राच्या अधिसूचनेतला: खाडीकाठी भरतीरेषेपासून १०० मीटर किंवा खाडीची रुंदी, यांत जे कमी असेल ते. १८ जानेवारी २०१९ च्या अधिसूचनेने खाडीकाठचं हे अंतर ५० मीटर किंवा खाडीची रुंदी, यांत कमी ते, असं केलं. नवी अधिसूचना त्या त्या भागात लागू होते ती तिथला किनारा क्षेत्र व्यवस्थापन आराखडा तिच्याप्रमाणे मंजूर झाल्यावर. म्हणून अपिलातला तुमचा पहिला मुद्दा हाच ठेवा: १०० मीटरचा आकडा कुठल्या अधिसूचनेतून आणि कुठल्या आराखड्यावरून घेतला? पत्रात त्याचा उल्लेखच नाही. महाराष्ट्र किनारा क्षेत्र व्यवस्थापन प्राधिकरणाच्या संकेतस्थळावर हे नकाशे आहेत. तुमचा नकाशा काढा आणि वरचा क्रमांक व तारीख टिपून घ्या.

दुसरी गोष्ट तुमच्या पत्रात अगदी सहज येऊन गेली आहे, पण ती मला सर्वांत मोलाची वाटली. तुम्ही लिहिलंत, “आमच्या खळ्यापासून खारबांध साठ-पासष्ट पावलांवर आहे, लहानपणी आम्ही त्या उघाडीवर बसून मासे धरायचो.” खारबांध म्हणजे खाडीचं खारं पाणी शेतात शिरू नये म्हणून घातलेला बांध, आणि उघाडी म्हणजे त्यातलं पाणी सोडायचं दार. तुमचं लहानपण म्हणजे १९९१ च्या बरंच आधीचं. २०१९ च्या अधिसूचनेसोबत आराखडे करण्याची जी मार्गदर्शक तत्त्वं आहेत, त्यांत म्हटलंय की १९ फेब्रुवारी १९९१ पूर्वी बांधलेला बांध किंवा उघाडी असेल तर भरतीरेषा त्या बांधाच्या रेषेपर्यंतच धरायची. म्हणजे उधाणाला पाणी शेतात कुठवर आलं हे बघायचं नाही, बांध कुठे आहे ते बघायचं. तुमचा बांध जुना आहे हे सिद्ध झालं, आणि बांधापासून जोतं ५० मीटरच्या पलीकडे निघालं, तर समुद्र तुमच्या म्हणण्याप्रमाणे दोन किलोमीटर लांब असल्यामुळे तुमचं घर किनारा नियमनाच्या पट्ट्यातच येत नाही. मग उरतात फक्त नेहमीचे बांधकाम नियम, डिसेंबर २०२० पासूनचे एकत्रीकृत, ज्यांना सगळे यूडीसीपीआर म्हणतात ते.

पण पावलांवर विसंबू नका. साठ पावलं म्हणजे कुणाचे ४० मीटर, कुणाचे ४८. टेपने मोजा, आणि नुसतं मोजून थांबू नका, भूमी अभिलेख खात्याकडे मोजणीचा अर्ज करा, म्हणजे जोतं, गडगा आणि बांध एकाच नकाशावर येतील. बांधाचं वय शोधायला खारभूमी विकास विभागाकडे माहिती अधिकारात अर्ज करा: बांध कधी बांधला, दुरुस्त्या कधी झाल्या, उघाडी कधीची. एक सावधगिरीही सांगते. बांधाला मध्यंतरी खांड पडली होती का, आणि आतल्या शेतात तिवरं, म्हणजे कांदळवन, वाढलीत का, ते आधी बघून या. कांदळवन असेल तर ते बांधाच्या आत असलं तरी कांदळवनच धरलं जातं, आणि १,००० चौरस मीटरपेक्षा मोठं असेल तर भोवती ५० मीटरचा पट्टा सोडायचाही नियम आहे. निसर्ग वादळानंतर पुष्कळ बांध फुटलेले राहिले. तुमचा त्यांतला असेल तर ते अपिलात स्वतःहून सांगितलेलं बरं, समोरच्याने दाखवून देण्यापेक्षा.

समजा मोजणीत जोतं ५० मीटरच्या आतच निघालं. तरीही सगळं संपत नाही. ना-विकास पट्ट्यात नवीन बांधकाम होत नाही, पण पूर्वीपासून असलेल्या अधिकृत घराची दुरुस्ती आणि पुनर्बांधणी होते: जोतं तेवढंच, चटई क्षेत्र (सगळ्या मजल्यांचं मिळून बांधकाम) तेवढंच, घनता तेवढीच. किनाऱ्यावरच्या पारंपरिक समाजांच्या, मच्छीमारांच्या राहत्या घरांसाठी त्या पट्ट्यातही वेगळी मुभा आहे. आजवर आलेल्या पत्रांत “जुन्या जोत्यावर पुनर्बांधणी” असं अर्जात स्पष्ट लिहिलेलं मी फार थोड्या ठिकाणी पाहिलं. सगळे “नवीन निवासी इमारत” लिहितात. तुमच्याही नकाशाच्या डोक्यावर तेच आहे.

इथे मला तुम्हाला थोडं अवघड काही विचारायचंय. राग मानू नका.

तुमच्या पत्रात पाच ठिकाणी आई आहे. नकाशात मात्र पहिल्या मजल्यावर दोन खोल्या आहेत, दोन्हींना वेगळी न्हाणीघरं आहेत आणि जिना बाहेरून आहे. एका खोलीवर “अतिथी कक्ष” लिहिलंय. निवृत्त माणसाने चार पैसे मिळवायचा विचार केला तर त्यात गैर काहीच नाही. पर्यटकांवर आपल्याकडे कितीतरी घरं उभी राहिली आहेत. पण नगररचनेच्या टेबलावर बसलेल्या माणसाने तो बाहेरचा जिना बघितला की त्याच्या डोळ्यांसमोर तुमची आई येत नाही, लॉज येतो. जुनं जोतं तुमच्या म्हणण्याप्रमाणे २८ बाय ३६, म्हणजे १,००८ चौरस फूट. मागितलेत १,९०० फूट. पुनर्बांधणीचा जो पक्का हक्क तुमच्या हातात होता, तो या जास्तीच्या ९०० फुटांनी पातळ झाला.

म्हणून स्वतःला विचारा, पुढच्या वर्षी या दिवसांत आई कुठे असायला हवी? उत्तर तुमच्या जोत्यावर असेल, तर आधी जोत्यावरचं घर मागा. वरचा मजला नंतरचा. जागा पट्ट्याच्या बाहेर असल्याचं सिद्ध झालं की तो मागता येईल. दोन्ही एका नकाशात बांधलंत तर एकापायी दुसरं अडकेल.

दुसरं कारण, प्राधिकरणाचं ना-हरकत. इथे तुमची बाजू भक्कम आहे असं मला वाटतं. २०१९ च्या अधिसूचनेच्या परिच्छेद ७ मध्ये, एकूण ३०० चौरस मीटरपर्यंतच्या स्वतःच्या राहत्या घराला स्थानिक प्राधिकरणानेच मान्यता द्यायची, राज्याच्या प्राधिकरणाची शिफारस त्याला लागत नाही, असं म्हटलंय. अधिसूचनेच्या दृष्टीने प्रस्ताव तपासायची जबाबदारी मात्र स्थानिक प्राधिकरणावर आहे. तुमचा पूर्ण १,९०० फुटांचा नकाशा धरला तरी साधारण १७७ चौरस मीटर होतात. म्हणजे आकाराने तुम्ही आत आहात. फक्त “स्वतःचं राहतं घर” हे शब्द खरे असायला हवेत, आणि तो बाहेरचा जिना पुन्हा आडवा येतो तो इथेच. अपिलासोबत या परिच्छेदाची प्रत जोडा आणि त्या वाक्याखाली रेघ मारा. तुमचं प्रकरण ऐकणाऱ्याला पूर्ण अधिसूचना वाचायला वेळ असेल असं धरू नका.

तिसरं कारण कागदावर सर्वांत लहान दिसतं आणि माझ्या अनुभवात घरं सर्वांत जास्त त्यापायी रखडतात. चुलतभाऊ नालासोपाऱ्यात, वीस वर्षांत दोनदा गावी आला, आणि तरी संमती देत नाही, म्हणून तुम्ही चिडला आहात. पण त्याच्या बाजूने बघा. सामायिक सातबारा आहे, वाटप झालेलं नाही, आणि तुम्ही त्याला एक छापील संमतीपत्र व्हॉट्सॲपवर पाठवून सही मागितलीत. त्यात लिहिलंय, “सदर मिळकतीवर बांधकाम करण्यास माझी कोणतीही हरकत नाही.” उद्या सगळी जागा तुमचीच, असं त्याने वाचलं असेल तर मला नवल वाटत नाही. त्याचा विरोध काकूच्या घराला नसावा, त्याला आपला हिस्सा बुडायची भीती असावी. सहीच्या बदल्यात त्याला काहीतरी लेखी द्या: घर फक्त जुन्या जोत्यावर होईल, त्यामुळे त्याचा हिस्सा कमी होत नाही, विहिरीचं पाणी आणि जायची वाट दोघांची, आणि सोबत मोजणीच्या नकाशावर त्याची बाजू रंगवून दाखवलेली. हे नोंदवलेलं असलं तर उत्तम. फोन तुम्ही करू नका. आईला करू द्या.

तो तयार असेल तर त्याहून सरळ रस्ता म्हणजे सगळ्या हिस्सेदारांच्या संमतीने तहसीलदारांकडे महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियमाच्या कलम ८५ खाली वाटपाचा अर्ज करायचा. एकदा तुमचा हिस्सा वेगळा झाला की पुढच्या कुठल्याच कामाला कुणाची सही लागणार नाही. दिवाणी कोर्टातला वाटपाचा दावा हा पर्याय आहे, पण आईचं वय बघता तो मी शेवटी ठेवीन. गणपतीला सगळे येतील, तेव्हा समोरासमोर बसा. मात्र अपील गणपतीपर्यंत थांबणार नाही, ते आधी. आणि एक गोष्ट चुकूनही करू नका: कुठल्याही प्रतिज्ञापत्रात हिस्सेदाराचं किंवा वारसाचं नाव गाळू नका. तेवढ्यावर मिळालेली परवानगीसुद्धा रद्द होते.

पलीकडच्या होमस्टेबद्दल तुम्ही दोन पानं लिहिलीत. त्याला मिळाली मग मला का नाही, हा प्रश्न माणूस म्हणून अगदी रास्त आहे. कायद्यात त्याचा उपयोग थोडा. दुसऱ्याला नियमाबाहेर काही मिळालं म्हणून मलाही द्या, हा समानतेचा हक्क होत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने अनेकदा सांगितलंय. तरीही माहिती अधिकारात त्यांची परवानगी जरूर बघा, पण तक्रारीसाठी नको. त्यांना ती नियमाने मिळाली असेल, तर भरतीरेषा कुठून धरली, कुठला आराखडा वापरला, हे त्या फायलीत असेल. त्याच ओळीतल्या तुमच्या जागेला वेगळी रेषा का, हा मुद्दा मग खरा वजनदार होतो.

आता वाटा. इंजिनीयरचं “बांधून टाका” सर्वांत आधी मनातून काढा. विनापरवाना बांधकामाला याच नगररचना कायद्यात एक महिना ते तीन वर्षं कैद आणि दंड आहे, आणि पाडायची नोटीस येते ती वेगळीच. अलिबागजवळ किहीमला समुद्रकाठचा एक मोठा बंगला ८ मार्च २०१९ ला सुरुंग लावून पाडला, तो रायगडातल्या पुष्कळांनी टीव्हीवर पाहिला असेल. ते लोक सावरतील. पेन्शनीच्या पैशांतून उभं केलेलं घर पडलं तर तुमच्या आईला पुन्हा उभारी धरता येणार नाही. शिवाय तुमच्याकडे आज जो स्वच्छ हक्क आहे, तो अनधिकृत विटेच्या पहिल्या थराबरोबर जातो.

आमदारांना भेटायला हरकत नाही, लोकप्रतिनिधी त्यासाठीच असतात. पण तोंडी शब्द घेऊन परत येऊ नका, आणि भेटीच्या भरवशावर मुदत घालवू नका. त्यांच्याकडे मागायचंच असेल तर खारबांधाची डागडुजी मागा, ती सगळ्या वाडीची आहे.

कोर्ट. थेट उच्च न्यायालयात रिट याचिका केलीत तर बहुधा पहिला प्रश्न येईल की अपिलाची सोय असताना इथे का आलात. म्हणून आधी अपील. ते फेटाळलं, किंवा निर्णयच होईना, तर मग रिट. रत्नागिरी आणि सिंधुदुर्गातल्या लोकांना १८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबईऐवजी कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे जावं लागतं. रायगड, ठाणे, पालघर मुंबईकडेच आहेत. तिथवर जायची वेळ आलीच तर एक जुना निकाल तुमच्या वकिलांना माहीत असेलच: मोहिंदर सिंग गिल प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की आदेशाची वैधता त्यात दिलेल्या कारणांवरच तपासायची, नंतर प्रतिज्ञापत्र करून त्यात नवीन कारणं भरता येत नाहीत. म्हणूनच नकाराचं पत्र जपा. त्यातली तीन कारणं हीच या वादाची हद्द आहे. उद्या कार्यालयाने चौथं कारण तोंडी सांगितलं तर ते लेखी मागा.

मी तुमच्या जागी असते तर असं केलं असतं. या आठवड्यात अपील. दोन बाजू मांडून: मुख्य म्हणणं हे की बांधाच्या रेषेमुळे जागा पट्ट्याबाहेर आहे, आणि ते मान्य झालं नाही तर किमान जुन्या जोत्यावर पुनर्बांधणीची परवानगी द्यावी. जे कागद हातात नाहीत ते “नंतर दाखल करण्यास मुभा असावी” असं लिहून मोकळं व्हायचं. अपिलाची प्रत नगरपंचायतीलाही द्यायची, शिक्का घ्यायचा. त्याच दिवशी माहिती अधिकाराचा दहा रुपयांचा अर्ज: माझ्या प्रस्तावावरची कार्यालयीन टिपणी, नगररचना शाखेचा अभिप्राय, स्थळपाहणीचा अहवाल, आणि ज्या नकाशावर जागा ना-विकास क्षेत्रात दाखवली त्याची प्रत. उत्तराला ३० दिवस लागू शकतात, म्हणून त्याची वाट बघत अपील रोखायचं नाही. आणि चुलतभावाची सही हाती आली की १,००८ फुटांच्या बैठ्या घराचा सुधारित प्रस्ताव वेगळा दाखल करायचा. एकीकडे अपील असताना दुसरा नकाशा देण्याने काही बिघडल्याचं मी पाहिलेलं नाही. दोन्हींत एकमेकांचा उल्लेख मात्र करायचा. खरं सांगायचं तर आई घरात जाईल ती या दुसऱ्या वाटेने, असा माझा अंदाज आहे. अपील हे तुमचं कुंपण.

ज्यांची जागा ग्रामपंचायतीत आहे, त्यांनी हे सगळं जसंच्या तसं स्वतःला लावू नये. तिथे आधी बघायचं की जागा गावठाणात आहे की बाहेर, कारण गावठाणात परवानगी ग्रामपंचायतीची आणि बाहेर महसूल खात्याची, आणि चुकीच्या दारात दिलेला अर्ज वर्षभर पडून राहतो. मालवण, मुरूड, विजयदुर्ग भागातून लिहिणाऱ्यांच्या नकारात कधी किनारा नसतो, किल्ला असतो: केंद्राच्या संरक्षित स्मारकापासून १०० मीटर बांधकामाला बंदी आणि त्यापुढे २०० मीटर परवानगीने, असा २०१० पासूनचा नियम आहे. सिंधुदुर्गात सातबाऱ्यावर “वनसंज्ञा”, म्हणजे जमीन वन म्हणून धरल्याचा, शेरा असेल तर गोष्ट आणखी वेगळी. कारण वेगळं तर कागद वेगळे, पण पत्रातलं कारण शब्दशः उतरवून घेऊन त्याखाली आपलं उत्तर लिहायची पद्धत तीच.

शेवटचं, पुराव्याचं. घर पूर्वी होतं हे कशाने दाखवाल? घरपट्टीच्या पावत्या, आणि ग्रामपंचायत काळातल्या आकारणी नोंदवहीचा उतारा, १९९१ च्या आधीचा मिळाला तर सोन्याहून पिवळं. घरपट्टी भरली म्हणून बांधकाम अधिकृत ठरत नाही, पण घर तिथे होतं हे ठरतं. विजेचं जुनं बिल. लग्नातला, सत्यनारायणातला एखादा फोटो, ज्यात मागे पडवी आणि दाराची चौकट दिसते. आणि एक कागद तुमच्या लक्षात आलेला नाही: निसर्गनंतर नुकसानभरपाईसाठी तलाठ्यांनी पंचनामा केला असेल. त्यात घर, त्याचा प्रकार, नुकसान किती, हे सरकारी माणसाने सरकारी कागदावर लिहिलेलं असतं. तहसील कार्यालयातून त्याची नक्कल काढा. जोत्याचेही फोटो काढून ठेवा, चारी कोपऱ्यांतून, टेप लावून, गवत वाढायच्या आत. पावसाळा सुरू झालाय, चिरे निसटायला वेळ लागत नाही.

आणि आईंचं प्रतिज्ञापत्र करून घ्या. तुम्ही लिहिलंय की त्या १९६० साली लग्न होऊन याच घरात आल्या. घर तेव्हा कसं होतं, किती खण, चूल कुठे, विहीर कुठल्या बाजूला, खारबांध तेव्हा होता का, उघाडीची फळी कोण उघडायचं, हे त्यांच्याइतकं आज कुणाला सांगता येणार आहे? त्यांना बोलू द्या, त्यांच्याच शब्दांत उतरवून घ्या आणि मग वकिलांकडून कायद्याच्या भाषेत करून घ्या. वाचून दाखवल्याशिवाय सही घेऊ नका. पावसापाण्यात त्यांना तालुक्याला न्यावं लागू नये म्हणून नोटरी लेकीच्या घरी येतील का ते विचारा. हे अपिलाच्या आधी झालं तर बरं.